साहेबाच्या थडग्यावरचे दगड

थडग्यावरचा शेवटचा दगड कारियुकी गवंड्याने उचलला आणि खालची संगमरवरी लादी उन्हात लख्ख उघडी पडली. थॉर्नलीसाहेबाचं नाव पुन्हा वाचता येऊ लागलं. सिलांतोई गुडघे टेकून ओल्या फडक्याने अक्षरं पुसू लागली. उमेदीची सगळी वर्षं तिने या माणसापायी घालवली होती.

"डॉक्टरबाई, एवढे दगड टाकले कुणी हो?" कारियुकीने कंबर चोळत विचारलं.

"आमच्या मासाई लोकांनी. येताजाता एकेक."

"गोऱ्या साहेबावर एवढी माया? मी तर सासऱ्याच्या थडग्यावर पानसुद्धा टाकणार नाही."

सिलांतोई हसली. मानाच्या म्हाताऱ्याच्या थडग्यावरून जाताना दगड वाहिल्याशिवाय मासाई माणूस पुढे जात नाही, हे या घाटाखालच्या गवंड्याला काय ठाऊक! लहानपणी आजीचं बोट धरून तिनेही इथे दगड वाहिले होते. आजोबांच्या ढिगावर आजी आधी हिरव्या गवताची मूठ ठेवायची, मग दगड. इथे मात्र नुसताच दगड, तोही चांगला थोराड. "याला गवत नाही?" असं तिने एकदा विचारलं होतं. "नाही," एवढंच आजी म्हणाली होती. गोऱ्याला गवताचं काय कौतुक, असं सिलांतोईने आपल्या मनानेच ठरवून टाकलं.

तिचा इतिहासाचा सगळा प्रबंध या ढिगावर उभा होता. नैरोबीत सहकारी तिला 'साहेबाची सून' म्हणून चिडवायचे. गोऱ्यांनी आम्हाला लुटलं, असं कुणी म्हणालं की ती या ढिगाचा फोटो पुढे करायची. लुटारूच्या थडग्यावर कुणी दगड वाहतं का? साहेबाने इथे बंधारा बांधला होता. गुरांची गोचीड मारायला औषधाच्या पाण्याचा खोल हौद बांधला होता. उद्या त्याच्या बंगल्यात संग्रहालय उघडणार होतं. 'लोकांनी प्रेमाने वाहिलेल्या दगडांखाली हा माणूस विसावला' अशी पाटी सिलांतोईने स्वतः लिहून काळ्या दगडात कोरून घेतली होती. आधी काढलेले दगड तिने बंगल्याच्या अंगणाच्या भिंतीत बसवून घेतले होते, सगळ्यांना दिसावेत म्हणून. आणि पाटीवरचा पडदा आजी दूर करणार होती.

आजी साहेबाबद्दल कधी चकार शब्द बोलली नव्हती. मेलेल्याचं नाव घ्यायचं नाही, ही मासाईंची रीत. सिलांतोईचं कामच मेलेल्याचं नाव घ्यायचं, त्यामुळे ती घरी आली की आजी कानांवर हात ठेवायची.

उद्याच्या कार्यक्रमासाठी तिला आणायला पाठवलेल्या पिकअपमधून उतरून आजी काठी टेकत थडग्याकडे आली. सवयीने तिने वाटेतच एक दगड उचलला होता. जवळ येताच ती थबकली. हातातला दगड गळून पडला.

"ह्याला उघडा कुणी केला?"

"मीच, आजी. बघ तरी, कसा चमकतोय!"

"दगड कुठायत?"

"त्या भिंतीत. सिमेंटने पक्के केलेत, आता कुणी हलवू शकणार नाही."

आजी मटकन खाली बसली. अंगावरच्या शालीचं टोक तोंडात कोंबून तिने असा आवाज काढला की सिलांतोईच्या अंगावर काटा आला. मग आजीने जन्मात केलं नव्हतं ते केलं. मेलेल्याचं नाव घेतलं.

"सिरोंका," ती म्हणाली. "माझा थोरला भाऊ. वासरू चोरलं म्हणून तुझ्या साहेबाने त्याला त्या हौदात लोटलं. गुरांच्या विषात. डोकं वर आलं की काठीने खाली दाबायचा. वासरू बंधाऱ्यापाशी चरत होतं, गं! दिवस मावळायच्या आत सिरोंका गेला."

कारियुकीने डोक्यावरची टोपी काढली. आज सकाळीच तो हौद सिलांतोईने आपल्या हातांनी घासून धुतला होता. शाळेच्या मुलांना आत उतरता यावं म्हणून पायऱ्या करून घेतल्या होत्या.

"मग दगड?" तिने विचारलं. "तुम्ही सगळे... मान म्हणून..."

"मान द्यायचा असता तर गवत नसतं ठेवलं? शिकलीस ती काय शिकलीस, पोरी! हा पुन्हा उठू नये म्हणून दाबत होतो आम्ही. ह्याला पुरला त्या दिवशी माझ्या आईने पहिला दगड टाकला. तूसुद्धा टाकलेस. सगळ्यांत थोराड तूच शोधून आणायचीस. आणि तूच त्याला उठवलास."

सिलांतोई लादीकडे पाहत राहिली. तिनेच पुसून उजळलेलं नाव तिच्याकडे बघत होतं. मग ती उठली आणि पाटीपाशी गेली. पडदा ओढून फेकला. "अहो बाई, सिमेंट ओलं आहे अजून," कारियुकी म्हणाला, पण ती ऐकत नव्हती. त्याचीच पहार घेऊन तिने पाटी उखडली. छातीशी कवटाळून, धापा टाकत थडग्यापाशी आणली आणि अक्षरं खाली करून साहेबाच्या नावावर टाकली.

आजीने पुढे सरकून पाटीवर हात फिरवला, थोडी दाबून पाहिली.

"हलकी आहे," ती म्हणाली. "अजून आण."