हद्दीवरची सुकेळी

अठ्ठ्याण्णव साली आगाशीच्या शांताकाकीची सुकेळी मी टेम्पोत घालून सुरतला निघालो. राजेळी केळी सोलून वाळवलेली, काकीची अख्ख्या हंगामाची मेहनत. काकी स्वतः शेजारी बसलेली. हद्दीवरच्या नाक्यावर साहेबानं अडवलं.

"परराज्यात जाणाऱ्या फळाला टॅक्स माफ आहे, बनवलेल्या मालाला नाय. याचे कागद कुठायत? नसतील तर उतरवा सगळं खाली."

"बनवलेलं काय त्यात? साखर नाय, तूप नाय," काकी म्हणाली. "नुसतं ऊन दाखवलंय."

"काकी, मला कायदा शिकवू नका. सोललं, वाळवलं, पानात बांधलं, म्हंजे माल झाला."

मी उतरून टेम्पोचे दोर सोडायला लागलो. काकीनं मात्र शांतपणे एक पुडी सोडली. "खाऊन बघा, मग ठरवा."

साहेबाचा हात अर्ध्यावर थांबला. "आज उपास आहे माझा. फळाशिवाय काय खात नाय."

"मग राहू द्या," म्हणत काकी पुडी परत बांधायला लागली. दुपारचे तीन वाजलेले, वास सगळ्या नाक्यावर पसरलेला.

"थांबा जरा," साहेब म्हणाला. त्यानं आधी रजिस्टरात 'फळ' असं लिहिलं, खाली सही केली आणि मग हात पुढं केला.