त्या रात्रीचे धुके

ज्याने मोडले त्याच्याच हाती पुन्हा जोडण्याचे काम यावे, ही दैवाची कृपा म्हणावी की परीक्षा, याचा निर्णय त्या मनुष्यालाच करावा लागतो. क्लूनबेगच्या पुलाबाबत लोर्कन टुही तो निर्णय बारा वर्षे पुढे ढकलीत आला होता.

स्वातंत्र्ययुद्धात तुकडीचा कमांडंट असताना, इंग्रज सैन्याच्या लॉऱ्या अडवण्यासाठी हा पूल त्यानेच सुरुंग लावून उडवला होता. आता तो संसदेत निवडून गेलेला प्रतिनिधी होता, आणि नव्या कमानीचा मधला दगड बसवण्याचा मानही त्याचाच होता. दगड कप्पीला टांगलेला होता. दोन्ही तीरांवर माणसे दाटली होती.

"कमांडंट," गर्दीतून कोणी ओरडले, "उडवायला एक रात्र लागली, बांधायला तीन निवडणुका!"

हशा पिकला. लोर्कनही हसला. गवंडी मॉसी ड्रोहन मात्र हसला नाही. त्याने दोर घट्ट धरून ठेवला होता.

"सोड की आता, मॉसी."

"सोडतो, कमांडंट. पण ऑनरबाई अजून बोलल्या नाहीत."

चालत्या कामाजवळून जाणाऱ्याने देवाचे नाव घेऊन कामाचे भले चिंतावे, आणि न चिंतता गेला तर काम टिकत नाही, हे तिथे लहान मुलालाही ठाऊक होते. ऑनर कुसॅक तीन महिने रोज दुधाचा कॅन घेऊन पुलाशेजारी टाकलेल्या फळ्यांवरून नदी ओलांडत होती, आणि रोज ओठ मिटून जात होती. परांची दोनदा कोसळली होती.

आत्ताही ती फळ्यांवरूनच येत होती. पूल उडाला त्या रात्री तिचा नवरा मायकल पोटदुखीने तळमळत होता, आणि डॉक्टर पलीकडच्या तीरावर अडकला होता. खालच्या बाजूला उथळ पाण्यातून नदी ओलांडून तो सकाळी पोहोचला, तेव्हा त्याच्याजोगे काम उरले नव्हते.

तिने कॅन खाली ठेवला. लोर्कनने टोपी काढली. शाप ऐकायची त्याच्या मनाची तयारी होती, पण तिच्या मुद्रेवर केवळ जिज्ञासा होती.

"लोर्कन, एक विचारायचंय. रागानं नाही. मला खरंच कळत नाही म्हणून."

"विचारा."

"सभेसभेत तू सांगतोस, त्या रात्री हाताला हात दिसत नव्हता इतकं धुकं होतं. मी डॉक्टरसाठी खिडकीत कंदील ठेवला होता. तिथं बसून मला ही सगळी नदी लखलखीत दिसत होती. बारा वर्षं स्वतःलाच विचारतेय, माझेच डोळे मला फसवत होते की काय? धुकं होतं का रे?"

मॉसीही त्या रात्री लोर्कनबरोबर होता. तो दोराचा पीळ न्याहाळू लागला.

ते धुके लोर्कनच्या प्रत्येक भाषणात होते. त्याच धुक्यातून चालत तो संसदेपर्यंत पोहोचला होता. त्याने एका तीराकडे पाहिले, मग दुसऱ्याकडे. पुढच्या महिन्यात मतदान होते.

"नव्हतं," तो म्हणाला. "चांदणं होतं. तुमचा कंदील दिसला होता मला. आजाऱ्याच्या घरचा आहे, तेही कळलं होतं. पण लॉऱ्या पहाटे यायच्या होत्या."

 खाली पाणी नव्या खांबांना वळसा घालीत होते.

"म्हणजे माझे डोळे धड होते," ऑनर हळूच म्हणाली. जणू हरवलेली वस्तू आपल्याच घरात सापडावी, तसा तिचा स्वर होता. तिने कॅन उचलला, चार पावले गेली, आणि थांबली.

"देव या कामाचं भलं करो."

मॉसीच्या हातातला दोर सैल होऊ लागला. दगड संथपणे उतरत आपल्या जागी बसेपर्यंत ती तिथेच उभी राहिली.

"आणि करणाऱ्यांचंही," ती म्हणाली.