चोला चढवायचा नाही

मारुतीच्या खांद्यावर तडा गेला होता. काल तो नव्हता, अशी नीलकंठरावांची खात्री होती. निदान बरीचशी खात्री.

"भूपेंद्रचंच काम," घरी येऊन ते बायकोला म्हणाले. "शेंदूर खरवडतोय."

"कशाला खरवडेल?" विद्युल्लताबाई गव्हातले खडे वेचत होत्या. "देव त्याचाही आहेच की."

"तोच तर वाद आहे!"

खरं तर वाद देवाचा नव्हता, देवामागच्या जमिनीचा होता. देवासहून सोनकच्छला जाणाऱ्या रस्त्याला लागून मोक्याचा तुकडा. मुलगा मयुरेश डॉक्टर होऊन आला होता आणि भाड्याच्या अंधाऱ्या खोलीत रोगी तपासत होता. त्याचा दवाखाना इथंच उभा राहणार, हे नीलकंठरावांनी मनाशी पक्कं केलं होतं. चुलतभाऊ भूपेंद्रला तिथं ढाबा काढायचा होता. कोर्टात दोघांचं म्हणणं सारखंच: आजोबांनी स्वतःच्या जमिनीत हा मारुती बसवला आणि जमीन आमच्याच वडिलांना दिली.

दोन वर्षांपूर्वी कोर्टानं यथास्थितीचा हुकूम दिला. जे जसं आहे, ते तसंच राहील. दिवा लावा, फूल वाहा, पण तेल-शेंदराचा चोला कोणी चढवायचा नाही. ही अट नीलकंठरावांनीच मागून घेतली होती, कारण या भागात चोला चढवील तो मालक समजतात. भूपेंद्रचं बोट शेंदराला लागलं की कोर्टाची अवमानना, आणि मग दाव्याचं पारडं आपल्याकडे.

तडे वाढत गेले. आधी छातीवर, मग गुडघ्यावर. नीलकंठराव रोज चक्कर मारू लागले. भूपेंद्र भेटला की जास्तच गोड बोलायचा.

"काय दादा, दर्शनाला की पहाऱ्याला?"

"दोन्हीला. काळ वाईट आहे."

"अरे भिया! मग तर देव एकदम सेफ."

कोर्टाचे कमिश्नर जागेच्या पाहणीला येणार, त्या सकाळी नीलकंठराव उजाडताच निघाले. स्कूटर लांब उभी करून दबक्या पावलांनी पुढं गेले. भूपेंद्र आधीच आला होता. मूर्तीसमोर उकिडवा बसलेला, हात मनगटापर्यंत शेंदरानं माखलेले, शेजारी तेलाची वाटी.

नीलकंठरावांनी आधी फोटो काढले. मग आयुष्यात ओरडले नव्हते असे ओरडले, "सापडलास! आता खा जेलची हवा!"

"दादा, हळू. रस्त्यावर लोक आहेत."

"ऐकू दे की! कमिश्नरसाहेब येताहेत, त्यांनाही ऐकू दे."

"त्यांच्यासाठीच तर चाललंय हे सगळं." भूपेंद्रचा आवाज नेहमीसारखा गोड नव्हता. "दोन साल तेल नाही, शेंदूर नाही. चोला वाळून खडखडीत झाला होता. आज येऊन बघतो तर गळूनच पडलेला. मी काही खरवडलं नाही, बजरंगाची शपथ. तुम्ही स्वतः बघा. मग द्या फोटो वकिलाला, माझी ना नाही."

तो बाजूला सरला.

नीलकंठरावांनी चष्मा पुसला आणि ते वाकले. पायथ्याशी पिढ्यान्‌पिढ्यांच्या शेंदराचे जाड ढलपे पडले होते. वरचा भाग भूपेंद्रनं लिंपून काढला होता. खालचा अजून उघडा होता. तिथं ना गदा होती, ना शेपूट. चौकोनी, घडीव दगड होता आणि त्यावर ठसठशीत कोरलं होतं: 'संस्थान देवास. येथून मागे जमीन सरकारी.'

नीलकंठरावांनी ते पुन्हा एकदा वाचलं. मान वळवून रस्ता पाहिला. कमिश्नरांची गाडी अजून दिसत नव्हती. ते भूपेंद्रशेजारी उकिडवे बसले आणि बाह्या सरसावत म्हणाले, "पातळ झालाय तुझा शेंदूर, घट्ट कालव. आणि आधी अक्षरं बुजव."