घड्याळाचा प्रसंग

मुलांनो, अशी कल्पना करा की तुम्ही नऊ वर्षांचे आहात. तुमच्या बाबांनी एक सिनेमा लिहिला, त्यांनीच तो दिग्दर्शित केला आणि त्यात तुम्ही काम केलंत. आज तो पहिल्यांदा दाखवला गेला. बघायला माणसं आठच. त्यांनी होकार दिला तरच तो थिएटरात जाणार.

रोस्विता तशी बसली होती. पूर्व बर्लिनबाहेरचा स्टुडिओ, १९६६चा जानेवारी, सकाळचे अकरा. दिवे लागले. टाळी कोणीच वाजवली नाही.

आमच्याकडे, पूर्व जर्मनीत, तेव्हा रीत होती, की सिनेमा करणाऱ्याने आधी उठायचं आणि स्वतःची चूक सांगायची. नीट सांगितली तर पुढचा सिनेमा मिळे. नाही सांगितली, तर तो माणूस पुन्हा कॅमेऱ्यामागे दिसत नसे.

तिचे बाबा, एकार्ट, उठले. हा त्यांचा चौथा सिनेमा.

"बोला," स्टुडिओचे प्रमुख कॉम्रेड पोलांट म्हणाले. "थेट घड्याळाचंच बोला. पहिल्या रिळातल्या बर्फाचं कौतुक आम्ही आमचं करू."

दोघंतिघं हसले.

घड्याळाचा प्रसंग साधा होता. बाई वर्गाला सांगतात, घरच्या टीव्हीवर बातम्यांआधी दिसतं ते घड्याळ काढा. पूर्वेच्या आणि पश्चिमेच्या घड्याळांत फरक असे: एकावर ठिपके, एकावर रेघा. चित्र बघितलं की कळे, कोणाच्या घरी पलीकडच्या बातम्या लागतात, आणि मग त्या घरच्या आईबापांची चौकशी होई. रोस्विताने साकारलेली मुलगी कागद कोराच ठेवते आणि म्हणते, "बाई, तुम्हाला घड्याळ नकोय. तुम्हाला माझे बाबा हवेत."

हे वाक्य रोस्विताचंच होतं. शाळेत ती खरंच तसं म्हणाली होती. घरी बटाट्याचं सूप खाताना तिने ते सांगितलं, तेव्हा बाबांनी चमचा खाली ठेवून लिहून घेतलं होतं.

"तो प्रसंग खोटा आहे," एकार्ट म्हणाले. "आपल्या शाळांत असं कोणी विचारत नाही. कुठलंही मूल असं बोलत नाही. मी ते टेबलाशी बसून रचलं. चूक माझी."

"असं रचता यायला हवं ना," मागे बसलेली गुडूला नावाची संकलक पुटपुटली.

पोलांटनी ते ऐकलं. ते रोस्विताकडे वळले. आवाज मऊ झाला. "काय गं, तुझ्या शाळेत बोलतात का मुलं असं? घाबरू नकोस. खरं सांग."

सगळे तिच्याकडे बघू लागले. एकार्ट आपल्या बुटांकडे बघत होते.

ती उठली. "नाही, कॉम्रेड. कोणी नाही बोलत. बाबांनी लिहिलं, मी पाठ केलं."

"शाबास! एकार्ट, पोरीला तुमच्यापेक्षा जास्त कळतं." पोलांटनी पेनाला टोपण लावलं. "हा सिनेमा तळघरात जाईल. उन्हाळ्यात तुम्हाला एखादी परीकथा देऊ. राजा, राजकन्या, काय ते. तिथे टीव्ही नसतो."

खोली खळखळून हसली.

एकार्टनी मान वर करून लेकीकडे बघितलं. बोलले काहीच नाहीत.

चित्रीकरणात बाबा असे गप्प राहिले, की त्याचा अर्थ एकच असे: जमलं नाही, पुन्हा.

रोस्विताने फ्रॉक सारखा केला, पोलांटकडे तोंड केलं आणि मघापेक्षा स्पष्ट आवाजात पहिल्यापासून सुरुवात केली, "नाही, कॉम्रेड. कोणी नाही बोलत..."