शनिवारचा सेट

“एक सेट सोडा ना, मॅडम. एकच. तिला कळणार पण नाही.”

बबितानं हे जाळीबाहेरूनच सांगितलं. आत राजेश्री मॅडम मुरमाच्या कोर्टावर चुन्याची रेघ मारत होत्या. रेघ संपेपर्यंत त्यांनी मान वर केली नाही.

लेक साक्षी शाळेतून यायची होती. तेवढ्यात बोलून घ्यावं म्हणून बबिता लवकर आली होती. सोनपेठात टेनिस शिकवणाऱ्या ह्या एकच मॅडम. कितीतरी वर्षं त्या बाहेरदेशी खेळल्या. तुर्कस्तान, इजिप्त, थायलंड. टीव्हीवर दिसतात तसल्या स्पर्धा नाहीत. बघायला पंच आणि फार तर एखादं कुत्रं, असल्या. मग खांद्याचं ऑपरेशन झालं. त्या गावी आल्या आणि वडिलांच्या बंद पडलेल्या कापसाच्या जिनिंगच्या आवारात त्यांनी हे कोर्ट केलं. दर शनिवारी मोठ्या पोरींपैकी एकीशी त्या स्वतः सेट खेळायच्या. हरेल त्यानं पोतं ओढून कोर्ट सारखं करायचं, असा नेम. दिवाळीपासून साक्षीची पाळी आली की पोतं साक्षीनंच ओढलं होतं.

“नीट जेवायली नाही,” बबिता म्हणाली. “रॅकेट कपाटावर टाकली. म्हणती, आजचा शनिवार शेवटचा. मला जमत नाही, उगं मॅडमचा वेळ घालवायला नको. मॅडम, ही पोरगी पाहुणे आले की आतल्या खोलीत जाऊन बसायची. आता एसटीत कंडक्टरशी भांडती. तुमच्यामुळं. ती परत आतल्या खोलीत गेली तर मी काय करू?”

मॅडमनी घमेलं खाली ठेवलं.

“काय बोलायलाव, ताई? मी लय हरलेय. हरण्याशिवाय दुसरं काही केलंच न्हाई म्हणा ना. पण सोडून न्हाई हरले. एक पॉइंट न्हाई.”

 मागायला नको होतं, असं बबिताला वाटलं. पण मागून झालं होतं.

साक्षी आली, तिनं बूट बांधले, आईनं घरून आणलेली रॅकेट घेतली. सेट सुरू झाला. बबिता लिंबाखालच्या बाकड्यावर बसली आणि नेहमीसारखी पदराचं टोक पिळू लागली.

पहिले काही गेम बरोबरीत गेले. मग मॅडमचा एक चेंडू नेटमध्ये अडकला. दुसरा रेघेबाहेर पडला. बबिताचा हात थांबला. साक्षीनं नेटजवळ हळूच टाकलेल्या चेंडूसाठी मॅडम एवढ्या जोरात धावल्या की गुडघ्यावर पडल्या. गुडघा खरचटला, मुरूम झटकून उठल्या, परत जागेवर गेल्या. श्वास लागला होता. कपाळाचा घाम कोपरानं पुसत होत्या.

माझ्या लेकरासाठी बाई रक्त काढून घ्यायलीय, बबिताच्या मनात आलं. तिला बघवेना.

शेवटचा चेंडू साक्षीनं कोपऱ्यात मारला. मॅडमची रॅकेट त्याच्या मागून हवेतच फिरली. साक्षी क्षणभर तशीच उभी राहिली. मग ओरडली. लहानपणी झोका उंच गेला की ओरडायची, तशी. धावत येऊन तिनं आईला ढकललंच.

“आई, बघितलं का गं? सोमवारी लवकर यायचंय मला. सर्व्हिस अजून कच्चीच हाय माझी.”

आणि नळावर तोंड धुवायला पळाली.

मॅडम बाकड्यावर येऊन बसल्या. खांदा दाबत होत्या. बबिता त्यांच्या पायाशी वाकली. मॅडमनी तिला वरच्यावर धरलं.

“उपकार झाले, मॅडम,” बबिता म्हणाली. “जे कधी केलं नाही, ते माझ्या पोरीसाठी केलंत. मी जन्मात विसरणार नाही. तिला कधी कळू देणार नाही.”

 मॅडम हसू लागल्या. हसता हसता त्यांचे डोळे भरले. नळाखाली डोकं घालून उभ्या असलेल्या साक्षीकडं त्यांनी बघितलं.

“सोडायचं ठरवूनच उतरले होते, ताई. मघाशी तसं बोलले, तरी तुमचं तोंड बघून राहवलं न्हाई. पण पोरीनं जीव तोडून पळायला लावलं, माझ्याजवळ सोडायला काही ठेवलंच न्हाई.”