पुढचं वाक्य

ढब्बू आणि मास्तर ही विनोदी जोडी बावीस वर्षं कोऱ्या कागदावर पोट भरत होती. लिहिलेले संवाद नाहीत, तालीम नाही. समोरचा जे बोलेल त्याला 'हो' म्हणायचं आणि 'आणि' म्हणून पुढचं जोडायचं. 'नाही' म्हटलं की खेळ मेला. मधे दोघं मालिकेत हवालदारही झाले, म्हणजे दाराशी उभे राहिले. मग पॉडकास्ट काढला. तिथेही तेच, 'हो' आणि 'आणि'.

रविवारच्या प्रयोगात ढब्बू पोस्टमन होता, मास्तर सासरा. बोलता बोलता मास्तर छाती धरून खाली बसला.

"ढब्बू, खरंच दुखतंय रे."

"हो, आणि जावयाचं पत्र वाचलंत की काळीज बंदच पडेल!"

सभागृहात हशा पिकला. मास्तर आडवा झाला, तेव्हा तर टाळ्या पडल्या. मास्तर रंगमंचावर आपल्याला पात्राच्या नावानेच हाक मारतो, कधीच 'ढब्बू' म्हणत नाही, हे ढब्बूच्या ध्यानात आलं ते रुग्णवाहिकेत. तोवर मास्तर गेला होता.

आठवड्याने मास्तरची बायको त्यांच्या पॉडकास्टच्या खोलीत आली आणि मास्तरच्या खुर्चीत बसली. समोर त्याचा माइक तसाच होता.

"भावजी, शेवटी माझं नाव घेतलं का हो यांनी?"

"हो, वहिनी," ढब्बू म्हणाला. "आणि..."

ती ऐकायला पुढे वाकली. बावीस वर्षांत पहिल्यांदाच ढब्बूला पुढचं वाक्य सुचलं नाही.