डोहाची चिठ्ठी

समाजमंदिराच्या भिंतीवर नुसते हातच हात. तोंड एकाचंही नाही. गोंदियाहून आलेल्या दुर्गेश्वरीचा सिनेमाच तसा, नशिबाच्या खेळावरचा. कुणाचा हात नाणं उडवतो, कुणाचा पत्ते पिसतो.

"हा कायचा सिनेमा वो?" मागून कोणीतरी म्हणालं. सगळे हसले.

मग नवेगावचं तळं आलं आणि हिरव्या बांगड्यांचा एक हात मडक्यात शिरला. जमुनाबाईनं तो लगेच ओळखला. तो तिचाच हात होता, मागच्या वर्षीचा.

मासे धरणाऱ्या ढिवरांची तिथली रीत अशी, की धोक्याच्या डोहाकडे कोणाचा डोंगा, म्हणजे होडी, जाणार ते चिठ्ठीनं ठरायचं. चिठ्ठी बाईनं काढायची आणि न बघता पुरुषाच्या हातात द्यायची. त्यानं नाव वाचायचं, कागद तळ्यात टाकायचा. त्या सकाळी चिठ्ठी जमुनाबाईनं काढली, वाचली तिच्या नवऱ्यानं. "गोवर्धन!" स्वतःचंच नाव, तेही हसत हसत. दुपारी वादळ सुटलं. रिकामा डोंगा तेवढा काठाला लागला.

तेव्हापासून तिनं आपल्या उजव्या हाताला शिव्याच घातल्या. दीर उमेंद्रला पुढे मुलगी झाली. त्या लेकराला तिनं त्या हातानं अजून एकदाही शिवलं नव्हतं.

भिंतीवर आता चांदीचं कडं घातलेला हात आला. गोवर्धनचाच तो. बोटं सावकाश चिठ्ठी उलगडत होती. कॅमेरा त्याच्या खांद्यावरून आणखी पुढे वाकला आणि नाव भिंतभर झालं.

उमेंद्र.

 जमुनाबाई ताडकन उठली. चिठ्ठी निघाली त्या सकाळी उमेंद्र आठच दिवसांचा नवरदेव होता, अंगावरची हळदही उतरली नव्हती. भिंतीवरच्या हातानं कागद चुरगाळला आणि तळ्यात भिरकावला.

"आगं माय!" ती भिंतीकडे बघून ओरडली. "मेल्या, मले इचाराचं तं होतं!"

दुर्गेश्वरी बावरली. त्या दिवशी शूटिंग करून ती वादळाआधीच परतली होती. तिला कशाचाच पत्ता नव्हता.

उमेंद्र उभा राहिला. "वयनी, देवाशपथ, मले ठाव नव्हतं."

जमुनाबाई आपल्या उजव्या हाताकडे बघत राहिली. मग तोच हात तिनं उमेंद्रच्या बायकोपुढे, रेणूपुढे केला. रेणूनं लेकराला छातीशी घट्ट धरलं होतं.

"आण तिले इकडे," जमुनाबाई म्हणाली. "लय महागाची पोरगी हाय हे."